साचे खोलण्याचे दिवस

माझे वडील विणकर होते असं मी सांगितलं की समोरचा माणूस लगेच पैठणीबद्दल बोलायला लागतो. मग मला सांगावं लागतं की ते हातमागावर नव्हते, गिरणीत होते, आणि ती गिरणी पुण्यातच होती. आमच्या धायरीच्या सोसायटीतल्या एका निवृत्त प्राध्यापकांनी "पुण्यात कापडाची गिरणी?" असं अशा सुरात विचारलं होतं, की जणू मी ती कालच दुपारी रचली होती. होती. रेल्वे स्टेशनच्या पलीकडे होती, दगडी भिंतींची, करवतीच्या दात्यांसारख्या छपरांची. तिचं नाव मी इथे लिहीत नाही. ज्यांनी तिचा भोंगा ऐकला त्यांना ते ठाऊक आहे, आणि ज्यांनी ऐकला नाही त्यांना नाव कळून काही उपयोग नाही. हे शहर स्वतःबद्दल बोलायला लागलं की विद्या सांगतं, नाटक सांगतं, हल्ली संगणक सांगतं. सूत कधी सांगत नाही.

गिरणीच्या मागच्या चाळीत आमची एक खोली होती. पुढे ओटा, आत मोरी, मोरीवर फळी आणि फळीवर बाबासाहेबांची तसबीर. आमच्या घरात हळू बोलणं कुणाला येत नसे. बाबा साचेखात्यात होते. गिरणीतल्या यंत्रमागाला सगळे साचा म्हणत, आणि एका छपराखाली शेकडो साचे एकदम चालले की तो आवाज कानात शिरायचा आणि आतच राहायचा. पाच-सहा वर्षांत माणूस बहिरा होई. पूर्ण नाही, पण बायकोमुलांचं बोलणं भिंतीपलीकडून आल्यासारखं वाटावं इतका. त्यामुळे आम्ही ओरडून बोलत असू. नव्याने राहायला आलेल्या बिऱ्हाडांना पहिले काही दिवस वाटायचं की कोपऱ्यातल्या खोलीत सतत भांडण चाललेलं असतं. प्रत्यक्षात माय विचारत असायची, "अजी, भाकर वाढू का अजून?"

साचेखात्यात मात्र कुणी ओरडत नसे, कारण ओरडून उपयोगच नव्हता. तिथे माणसं ओठांनी बोलत. तोंड नीट उघडून, आवाज न काढता, शब्द ओठांवर ठेवायचा, समोरच्याने तो तिथून उचलायचा. बाबा चार साच्यांच्या पलीकडच्या माणसाशी संसाराच्या गप्पा मारत. ही भाषा मी अक्षरं शिकायच्या आधी शिकले. ओट्यावर बसून समोरच्या नळावरच्या बायका काय कुजबुजतायत ते मी मायला सांगत असे, आणि माय मला दटावून मग हळूच विचारत असे, "अजून काय म्हणून राह्यली ते?"

आम्ही मूळचे नागपूरकडचे. बाबा लग्नानंतर वर्षभरात कामासाठी इकडे आले आणि माय त्यांच्यामागे आली ती आपली सगळी चव पदराला बांधून. ती कोथिंबिरीला सांभार म्हणायची. मंडईतल्या भाजीवाल्याने तिला एकदा "सांभार हॉटेलात मिळतं, बाई" असं सांगितलं, तेव्हापासून ती बोट दाखवून भाजी घेऊ लागली. पण घरात तिने एक शब्द बदलला नाही. रविवारी गोळ्यांची कढी असायची. रोजच्या डब्यात मात्र कोरडंच असायचं, ज्वारीची भाकर, जवसाची चटणी, सुका झुणका. त्याचं कारण गिरणीतच होतं. सूत तुटू नये म्हणून साचेखात्याची हवा मुद्दाम दमट ठेवत, वरून पाण्याचे बारीक फवारे सोडत. त्या उकाड्यात वरण दुपारपर्यंत टिकायचं नाही. पुढे कॉलेजात माझ्या मैत्रिणी म्हणायच्या, तुम्हा लोकांना कोरडंच आवडतं का गं? आवडीचा प्रश्न आमच्याकडे कुणी काढला नव्हता.

बाबा पाळी संपवून आले की माय त्यांना दारातच उभं करून जुन्या फडक्याने झटकायची. केसांत, भुवयांत, कानांच्या पाळ्यांवर कापसाचा पांढरा भुगा बसलेला असे. माझ्या लहानपणच्या आठवणीत बाबा रोज म्हातारे होऊन घरी येतात आणि दारात पुन्हा तरुण होतात.

माझे आजोबा नागपूरला गिरणीतच होते, पण कताईत. विणायच्या खात्यात आमच्या लोकांना घेत नसत. त्याचं कारण बाबांनी मला मी दहावीत असताना सांगितलं, तेही मी विचारलं म्हणून. साच्यावर धोटा असतो, इकडून तिकडे धावणारा, होडीच्या आकाराचा लाकडी तुकडा. त्याच्या पोटात सुताची कांडी असते. कांडी संपली की नवी घालायची आणि तिचं टोक धोट्याच्या बारीक भोकातून बाहेर काढायचं. ते काढायचं तोंडाने, भोकाला ओठ लावून, श्वास आत ओढून. एकाने ओठ लावलेला धोटा पुढच्या पाळीत दुसऱ्याच्या ओठाला लागणार. म्हणून आमच्या आजोबांना ते खातं बंद. तिथे पगार जास्त, मान जास्त, आणि दरवाजा असा एका भोकापाशी बंद.

पुण्यात बाबांना साचेखात्यात घेतलं. कागदावर काही अडचण नव्हती. पण पहिल्या दिवशी आजूबाजूचे सगळे बघत होते. बाबांनी धोट्यातून सूत ओढलं. शेजारच्या साच्यांवर दगडूकाका होते, साताऱ्याकडचे, अंगाने दणकट, बोलायला कमी. ते उठून आले, बाबांच्या हातातला धोटा घेतला, त्यातलं सूत काढून टाकलं, त्याच भोकाला स्वतःचे ओठ लावून ते पुन्हा ओढलं, आणि धोटा बाबांच्या हातात देऊन आपल्या साच्यांकडे गेले. बाबा हे सांगताना मायकडे बघत होते, माझ्याकडे नाही. पुढे दगडूकाका आमच्या शेजारच्या खोलीत राहायला आले, आणि मधल्या भिंतीतली खुंटी सामाईक असल्यासारखे आम्ही जगलो. दोघे बहिरे संध्याकाळी ओट्यावर समोरासमोर बसून आवाज न काढता तासन् तास बोलत. रस्त्याने जाणाऱ्यांना वाटे, ही दोन माणसं एकमेकांना तोंडं वेडावतायत.

गिरणी एका दिवसात बंद पडली नाही. आधी एक पाळी गेली, मग गैरहजर माणसाच्या जागी घेत त्या बदलीवाल्यांना बोलावणं थांबलं, मग कापूस येईना, मग वीज तोडली. कामगार पाळीच्या वेळेला जाऊन फाटकाशी बसत. फाटकावर टाळेबंदीचा कागद लागला तरी बसत. युनियनने तिथे एक मांडव घातला. तोवर शहराबाहेर पिंपरीकडे, भोसरीकडे नवे कारखाने उभे राहिले होते, पण ते तरुण पोरांना आणि प्रमाणपत्रवाल्यांना घेत. विणकराला काय येतं? विणायला येतं.

आमच्या घरात पहिला बदल झाला तो म्हणजे बाबांचे केस. झटकायला काही उरलं नाही आणि मग लक्षात आलं की ते खरोखरच पांढरे झालेले होते. आम्ही इतकी वर्षं तो भुगाच समजत होतो. माय फडकं हातात घेऊन एक दिवस त्यांच्यासमोर तशीच उभी राहिली आणि मग ते फडकं तिने मोरीवर ठेवून दिलं.

दुसरं म्हणजे त्यांची झोप गेली. मांडवातून आले की भिंतीला टेकून बसायचे आणि कान बोटाने दाबून बघायचे. मग ते दुपारचे कुठेतरी जाऊ लागले. मायला वाटलं काम शोधतायत, आणि सांगत नाहीत म्हणजे मिळत नाही. काही आठवड्यांनी तिने मला मागे पाठवलं. मी अकरावीत होते. बाबा मालधक्क्यावरून जुन्या बाजाराकडे आणि तिथून कसब्यात शिरले, मान खाली घालून चालतात तसे. तांबट आळीत एका दुकानाच्या पायरीवर ते जाऊन बसले. आत तीन-चार कारागीर तांब्याच्या पातेल्यांवर ठोके घालत होते, समोरच्या दुकानात तेच, पुढच्यात तेच, आणि ती सगळी अरुंद गल्ली त्या ठोक्यांनी भरून गेली होती. मला दोन मिनिटांत डोकं धरावंसं वाटलं. बाबा भिंतीला डोकं टेकून, डोळे मिटून बसले होते. त्यांचा चेहरा सैल पडला होता. कारागिरांना ते रोज येतात हे ठाऊक असावं, कारण एकाने त्यांच्यासाठी पायरीवर पोत्याचा तुकडा टाकून ठेवला होता. मी घरी येऊन मायला सांगितलं की ते तांबट आळीत झोपतात. तिने तव्यावरची भाकर उलटली. मग म्हणाली, "झोपू दे."

ठेकेदार आमच्याकडे आला तो यानंतर. पांढरा सफारी, हातात छोटी चामडी बॅग, बोलायला फार गोड. गिरणीचे साचे विकले गेले होते आणि ते खोलून बाहेर काढायचं काम त्याच्याकडे होतं. त्याला जाणती माणसं हवी होती. तो दगडूकाकांकडे आधी गेला होता, त्यांनी त्याला ओट्यावरही चढू दिलं नाही. आमच्याकडे तो चपला काढून आत आला, सतरंजीवर मांडी घालून बसला, तसबिरीला हात जोडले, मायने दिलेलं पाणी प्यायला. मग चहा प्यायला, बशीत ओतून, आरामात. तो बाबांच्या कानाशी वाकून जोरात बोलत होता, त्यामुळे मला सगळं ऐकू येत होतं. तो म्हणाला, साचे सोलापूरकडच्या एका गिरणीने घेतलेत. तिथे ते पुन्हा बसणार. नीट खोलले, भाग वेगळे ठेवले, तर तिथे बसवायलाही माणसं लागतीलच, आणि मग ज्याने बसवले त्याला चालवायला ठेवायला त्यांची ना नसेल.

तो गेल्यावर बाबा मायला म्हणाले, "माणूस चांगला वाटते."

माय म्हणाली, "कायवरून?"

"घरी चहा पेला नं त्यानं."

आज मला वाटतं की आमच्या माणसाला फसवणं किती सोपं होतं. पैसे नकोत, कागद नकोत. एक कप चहा, तोही आमचाच. पण त्या वेळी मलाही तो माणूस चांगलाच वाटला होता. आमच्या चाळीत वर्षानुवर्षं राहणारी घरं होती जी आमच्याकडे संक्रांतीचा तिळगूळ द्यायला येत आणि पाणी विचारलं की "आत्ताच प्यायलो" म्हणत.

युनियनचं म्हणणं सरळ होतं. साचे आत आहेत तोवर गिरणी आहे. एकदा लोखंड बाहेर गेलं की कोर्टात मागायला फक्त भिंती उरतील. आत जाऊन जो पान्याला हात लावील तो आपला नाही. बाबांना हे पटत नव्हतं असं नाही. पण त्यांचं म्हणणं असं होतं की साचे जाणारच आहेत, कोर्टाने परवानगी दिली आहे, पोलीस उभे राहणार आहेत. मग ते कुणातरी रोजंदारीच्या माणसाने घण घालून काढण्यापेक्षा आपल्या हाताने निघावेत. ते दुसरीकडे चालणार आहेत. हे ते दगडूकाकांना संध्याकाळभर ओट्यावर सांगत होते. मी दारात तांदूळ निवडत दोघांचे ओठ बघत होते. शेवटी दगडूकाकांनी एवढंच म्हटलं, "चालणार हायती तर चालू देत. पर तू न्हाई खोलायचं. आपल्या हातानं न्हाई." बाबा म्हणाले, "आपल्याच हातानं. म्हणून तर." दगडूकाकांनी बूड उचललं आणि तोंड भिंतीकडे करून बसले.

बहिऱ्या माणसाशी अबोला धरायला एवढंच पुरतं. ओठ दिसू द्यायचे नाहीत. दुसऱ्या दिवसापासून बाबा फाटकातून आत जाताना मांडवातली सगळी माणसं पाठ करून बसत. शिव्या कुणी दिल्या नाहीत, दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं माय म्हणायची.

घरात मात्र त्या दिवसांत एक विचित्र उजेड होता. बाबा पुन्हा पहाटे उठत होते, डबा नेत होते, संध्याकाळी हात काळे करून येत होते आणि माय त्यांच्या नखांतलं वंगण रॉकेलच्या बोळ्याने काढत होती. ते मला सांगायचे की कुठला साचा कुणाचा, कुणाच्या साच्यावर खडूने देवाचं नाव आहे, कुणी मुलाचा फोटो चिकटवलाय. ते प्रत्येक साच्याचे भाग एकत्र बांधून, त्यांना तेल लावून, गोणपाटात गुंडाळून ठेवत, म्हणजे तिकडे जोडताना गोंधळ नको. माय सोलापूरकडे भाकरी ज्वारीचीच असते ना, याची चौकशी करून आली होती. तिथे कडक भाकरी आणि शेंगांची चटणी असते हे कळल्यावर ती म्हणाली, "मंग जमते." माझं कॉलेज कसं व्हायचं यावर एकदा वाद झाला, आणि तो वाद किती सुखाचा होता हे मला तेव्हा कळलं नाही.

त्या दिवशी बाबा डबा विसरून गेले. दुपारी माय म्हणाली, देऊन ये. पुढच्या फाटकात मांडव होता आणि मला त्या पाठींसमोरून जायचं नव्हतं. म्हणून मी मागच्या बाजूने, रुळांच्या कडेने गेले. तिकडून मालगाड्यांसाठी एक जुना दरवाजा होता, तो हल्ली ट्रकसाठी उघडा असे. मी गिरणीच्या मागच्या अंगणात कधी आले नव्हते. तिथे एक मोठा वजनकाटा मांडला होता आणि त्याच्या पलीकडे आठ-दहा माणसं घण घेऊन उभी होती. मी ओळखलं ते गोणपाट. बाबांच्या गाठी मला ठाऊक होत्या, ते दोरीला दोनदा पिळा देऊन गाठ मारत. एक माणूस त्या गाठी विळ्याने कापत होता, गोणपाट बाजूला फेकत होता, आणि बाकीचे आतले तेल लावलेले भाग दगडावर ठेवून घणाने फोडत होते. बिडाचं लोखंड काचेसारखं फुटतं. फुटलेले तुकडे फावड्याने ट्रकमध्ये पडत होते. मी एकाला विचारलं की हे का फोडताय. तो हिंदीत म्हणाला की भट्टीत एवढा मोठा तुकडा जात नाही.

मी डबा घेऊन आत गेले. साचेखातं मी तोवर फक्त बाबांच्या बोलण्यातून पाहिलं होतं. वरच्या काचांतून पडणारा पांढरा उजेड, लांबच लांब फरशी, आणि तिच्यावर जिथून साचे निघाले तिथे तेलाचे काळे चौकोन. बऱ्याच दूर, जिथे साचे अजून उभे होते तिथे, बाबा गुडघ्यावर बसून एक बोल्ट सोडवत होते. बाहेरचे घण इथे ऐकू येत होते, भिंतीतून, छपरातून, पायांखालून. तिथल्या सगळ्यांना ऐकू येत होते. बाबांना नव्हते.

त्यांनी मान वर केली आणि मला पाहून हसले. लांबूनच ओठांनी विचारलं, "काय आणलं?"

मी डबा वर केला. मग, का ते मला आजही सांगता येणार नाही, मी जवळ न जाता तिथूनच ओठांनी सांगितलं, "बाबा, बाहेर फोडून राह्यले."

त्यांना वाटलं, आपण चुकीचं वाचलं. त्यांनी भुवया उचलल्या. मी पुन्हा सांगितलं, "साचे. फोडून राह्यले. भट्टीसाठी." त्यांच्याबरोबर काम करणारे साचेखात्यातलेच दोघे तरुण माझ्याकडे बघतच राहिले. त्यांनी माना खाली घातल्या. त्यांना माहीत होतं.

बाबा उठले. पाना हातातच होता. ते माझ्या बाजूने चालत गेले, दारातून मागच्या अंगणात गेले, आणि मी त्यांच्या मागे गेले. घणवाल्यांनी थांबून त्यांच्याकडे पाहिलं आणि त्यांचं आपल्याकडे काही काम नाही असं वाटून पुन्हा घण उचलले. बाबांनी जमिनीवरून एक गोणपाट उचललं, झटकलं, घडी घातली, आणि खाली ठेवलं. मग दुसरं उचललं. त्यांनी तिथली सगळी गोणपाटं घडी घालून एकावर एक ठेवली. तेवढ्यात ठेकेदार काट्याजवळून आला. तो खरोखर ओशाळलेला होता. तो म्हणाला की सोलापूरवाल्यांनी मागे घेतलं, त्यालाही उशिरा कळलं, त्याच्याही हातात काही नाही. ते खरं होतं की नाही हे मला आजही ठाऊक नाही. कदाचित खरं असेल.

बाबांना हळू बोलता येत नसे. त्यांना वाटलं असेल की आपण फक्त त्याच्याशी बोलतोय. पण सगळ्या अंगणाने ऐकलं.

"साहेब," ते म्हणाले, "मंग तुम्ही आमच्या घरी चहा काहून पेला?"

ठेकेदाराला प्रश्न कळला नाही. तो म्हणाला, "काका, चहाचं काय?" बाबांनी त्याचे ओठ वाचले. ते आत गेले, डब्यातली अर्धी भाकर खाल्ली, उरलेली मला खायला लावली. मग त्यांनी मला पुढच्या फाटकाने जायला सांगितलं. का ते मला बाहेर आल्यावर कळलं. मांडवात दगडूकाका बसलेले होते आणि मला पाहून त्यांनी तोंड वळवलं नाही. मी त्यांच्यासमोर उभी राहिले आणि त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, म्हणजे बघून घेतलं. मग म्हणाले, "त्याला आदी ठावं न्हवतं?" मी नाही म्हटलं. ते म्हणाले, "आमाला ठावं हुतं. पर त्यानं आयकलं नसतं." आणि मग, "सांगायला पायजे हुतं."

त्या संध्याकाळी माय म्हणाली, उद्यापासून जाऊ नका. पैशाचं मी बघते, मी कुणाकडे धुणंभांडी करीन. बाबा जेवत होते. त्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "अर्धे खोलून ठेवले हायेत. ते तसेच सोडू?" माय म्हणाली की तिकडे फोडूनच राह्यले तर खोलता कशाला. ते म्हणाले, "फोडणारा फोडते. मी खोलतो." ते शेवटचा साचा निघेपर्यंत गेले. गोणपाट मात्र पुन्हा वापरलं नाही. तेल लावत राहिले, कारण तेलाशिवाय बोल्ट निघत नाही.

मांडव पुढच्या वर्षी उठला. कोर्टात काय झालं ते तुकड्यातुकड्याने कानावर येत राहिलं आणि काहींना काही मिळालं, काहींना मिळायच्या आधी ते गेले. दगडूकाकांनी खोली सोडली आणि गावाला गेले. जाताना दोघे ओट्यावर समोरासमोर बसले होते, पण काय बोलले ते मी पाहिलं नाही. मी मुद्दाम आत गेले होते. बाबा मांजरी गावाकडे एका नव्या वसाहतीच्या फाटकावर राखणदार झाले. तिथे इतकी शांतता होती, की हाक ऐकू येत नाही म्हणून त्यांच्याबद्दल सारख्या तक्रारी जायच्या. माय धुणंभांडी करू लागली, मी बारावी झाले, पुढे शिकले, सरकारी नोकरीला लागले. लोक ह्याला प्रगती म्हणतात आणि मी त्यांना अडवत नाही. गिरणीच्या जागेवरून मी अनेकदा रिक्षाने जाते. तिथे आता काय आहे हे पुणेकरांना माहीत आहे, त्याचं वर्णन मी करणार नाही.

माय गेल्यानंतर बाबा माझ्याकडे धायरीला आले. तोवर त्यांना जवळजवळ काहीच ऐकू येत नव्हतं. मी त्यांना कानाचं चांगलं यंत्र घेऊन दिलं. ते लावून ते पहिल्या दिवशी गच्चीच्या दारात खुर्ची टाकून बसले. नळ, कुकर, खालची भाजीवाली, पलीकडच्या झाडावरचे पक्षी, सगळं त्यांना एकदम येऊन लागलं असावं. ते आवाज येईल तिकडे मान फिरवत होते. मला वाटलं त्यांना आनंद झालाय. मी चहा घेऊन गेले तर त्यांचे डोळे भरलेले होते.

"सुजाता," ते म्हणाले, आणि पहिल्यांदाच त्यांचा आवाज हळू होता, कारण त्यांना स्वतःचा आवाज ऐकू येत होता. "तुझ्या मायचा आवाज कसा होता?"

मी म्हटलं, "असं काय विचारता बाबा?"

"लग्नाच्या वर्षी ऐकला होता," ते म्हणाले. "मंग मी साच्यावर गेलो."

मायचे दोन आवाज होते. एक त्यांच्यासाठीचा, वर चढवलेला, शेवटाला चिरका होणारा. दुसरा ती एकटी असताना, भाकरी थापताना स्वतःशी गुणगुणायची तो, खालच्या पट्टीतला, थोडा बसका. तो फक्त मला ठाऊक होता. मी त्यांना सांगायला तोंड उघडलं. मला तो आवाज डोक्यात स्पष्ट ऐकू येत होता. मी तसं बोलून बघितलं, एकदा, दोनदा. बाबा यंत्रावर बोट ठेवून, माझ्याकडे पुढे झुकून, लक्ष देऊन ऐकत होते.

तो मायचा आवाज नव्हता. माझाच होता.